छत्तीस पेलिकन

सडबरी, ऑन्टॅरिओ
गुरुवार, ११ मे १९७८

आदरणीय मदर सेंट-क्लोटिल्ड यांस,

आपण व आपल्या मठातील सर्व सिस्टर्स प्रभूच्या कृपेने खुशाल असाल अशी आशा करते. यंदाच्या थंडीत आपला गुडघा फार दुखला असं कळलं. त्याला कापराचं तेल चोळत जावं. इथे आम्ही सर्व ठीक आहोत.

(झालं. ओरोर, दर पत्रातल्या पहिल्या चार ओळी मी तुझ्या पदाला लिहिते आणि उरलेलं पत्र तुला लिहिते, हे तुला ठाऊक आहेच. जिने माझ्या उशीखाली जिवंत बेडूक ठेवला होता, तिला पानभर 'आपण' म्हणणं मला पोपसाहेबांनी सांगितलं तरी जमायचं नाही.)

सिस्टर युडोक्सीचा दमा कसा आहे? सिस्टर बेर्थिल्ड अजून प्रत्येक पदार्थात जायफळ घालते का? शाळा बंद झाल्यापासून तुम्हा सहाजणींना ती एवढी मोठी इमारत खायला उठत असेल. वरच्या शयनगृहातल्या लोखंडी खाटा अजून तशाच ओळीने आहेत, की बिशपांनी विकायला लावल्या? गाद्यांना ऊन देता ना? आणि मागचं गवताचं कुरण यंदा लवकर कोरडं झालं का? मी आपली सहज विचारते आहे. वय झालं की माणसाला जुन्या जागा आठवतात, आणि तळ्याकाठच्या त्या कुरणाइतकी सपाट जमीन मी पुढे आयुष्यात कुठे पाहिली नाही. सडबरीत तर नाहीच. इथे चर्चच्या आवारातसुद्धा खडक वर आलेला आहे, आणि फादर गोदेन दर रविवारी त्याला अडखळतात व मग प्रवचनात क्षमेवर बोलतात.

तर आता मुख्य बातमी. आमच्या ओव्हिदने फुटबॉलचा संघ विकत घेतला (पायाने खेळायचा फुटबॉल नव्हे, आपल्याकडचा, चेंडू हातात घेऊन पळायचा आणि एकमेकांना पाडायचा तो). ओव्हिद रांकूर म्हणजे ज्याच्या डेअरीत मी बावीस वर्षं पत्रं लिहिते आहे तो (तुमच्या मठाला दर नाताळात फुकट लोणी पाठवणाराही तोच, हे जाता जाता सांगते). इतर पुरुष साठी जवळ आली की बोट घेतात किंवा बर्फावर मासे धरायला झोपडी बांधतात. ओव्हिदने संघ घेतला. मोठ्या शहरांतल्या बड्या संघांपैकी नव्हे. आठ संघांची एक लहान लीग आहे, तिच्यात अलाबामाच्या समुद्रकाठचा एक संघ डबघाईला आला होता. त्याचं नाव पेलिकन्स. ओव्हिदने तो उचलून सडबरीला आणायचं ठरवलं. खाणीतून लोकांना कमी करताहेत, गावाचं तोंड उतरलेलं आहे, रविवारी दुपारी लोकांना ओरडायला काहीतरी हवं, असं त्याचं म्हणणं. त्याची बायको ब्लांदिन म्हणाली, "ओरडायलाच हवं असेल तर त्यांना आपल्या घरी पाठव, मी आहे की." पण तिनेही कागदावर सही केली.

मार्चअखेर संघ आला. म्हणजे एक मालमोटार आली. तिच्यात शिरस्त्राणं होती, खांद्यावर बांधायच्या त्या मोठ्या गाद्या होत्या, पेंढा भरलेला एक पेलिकन पक्षी होता (त्याचा एक डोळा वाटेत कुठेतरी पडला) आणि पुढच्या सीटवर कोच मिस्टर ट्रूमन ब्लेलॉक होते, अंगात पातळ सुती कोट घालून. खेळाडू नव्हते. संघ देशाबाहेर गेला तर आपण जायला बांधलेलो नाही, असं त्यांच्या करारात होतं. तिकडे अलाबामात ते सगळे जमले तेव्हा एकाने मिस्टर ब्लेलॉकना विचारलं की सडबरीत मे महिन्यात काय घालतात. ते बॅप्टिस्ट आहेत, खोटं बोलत नाहीत. त्यांनी सांगितलं. एकही जण आला नाही.

मग लीगने ओव्हिदपुढे दोन अटी ठेवल्या. बारा मेच्या दुपारी बारापर्यंत, म्हणजे उद्याच, त्याने छत्तीस खेळाडू उभे करायचे, आणि त्यांना सरावाचे तीन आठवडे झोपायला खाटा व पळायला सपाट मैदान दाखवायचं. यातलं एक जरी चुकलं तरी संघ ओहायोतल्या एका शहराला द्यायचा. ते शहर दार उघडं ठेवूनच बसलेलं आहे. तसं झालं तर ओव्हिदला सडबरीत जन्मभर लोक दुधाबरोबर टोमणे परत देतील. आणि माझं म्हणशील तर मी पुन्हा दह्याच्या ऑर्डरी टाइप करीन आणि संध्याकाळी रिकाम्या घरात जाऊन रेडिओ लावीन. माझ्या रोझेरला जाऊन आता चार वर्षं झाली. दर रविवारी तो स्वयंपाकघरात बसून सामना ऐकायचा आणि मला समजावून सांगायचा, आणि मी बटाटे सोलत 'हो का' म्हणायचे. एक अक्षर ऐकत नव्हते असं मला वाटायचं. पण या वसंतात कळलं की सगळं ऐकलेलं आहे. सालांबरोबर ते कुठेतरी साठत गेलं होतं. कोण कुठे उभा राहतो, कुणाला पाडायचं आणि कुणाला पाडलं तर शिट्टी वाजते, हे मला मिस्टर ब्लेलॉकना विचारावं लागलं नाही.

(दुसऱ्या अटीचं, म्हणजे खाटा आणि मैदानाचं, ओव्हिद बघतो आहे. त्यात तुला गुंतवत नाही.)

छत्तीस माणसं उभी करायला लीगने जी पद्धत काढली तिला पुरवणी निवड म्हणतात. बाकीच्या सात संघांनी आपापले आवडते खेळाडू कुलपात टाकायचे, उरलेले मोकळे सोडायचे. मोकळ्यांतून आम्ही एकेक नाव घ्यायचं. आम्ही ज्याचा माणूस घेऊ त्या संघाला आणखी एक माणूस कुलपात टाकता येतो, म्हणजे दर नावागणिक चांगली माणसं कमी होत जातात. हे सगळं फोनवर चालतं. एका वेळी आठ ठिकाणचे फोन जोडलेले असतात आणि टोरंटोहून लीगचे मिस्टर पेन्रिथ नावाचे गृहस्थ सूत्रं हलवतात. तुला सिस्टर सेंट-एल्झेआर आठवते का, पाढे म्हणताना आपण श्वास घेतला तरी जिला कळायचं ती? तिलाच मिशा लाव, म्हणजे मिस्टर पेन्रिथ झाले. सडबरीच्या फोनवरून एकदा नाव उच्चारलं की ते पक्कं, मागे घेता येत नाही, हा त्यांचा नियम.

निवडीच्या आधीच्या आठवड्यात मात्र गंमत झाली. सातही संघांच्या मॅनेजरांनी आपण होऊन आम्हाला फोन केले. इतकी गोड माणसं मी पाहिली नव्हती. डुलुथचा मॅनेजर म्हणाला, "बाई, तुम्ही नवीन आहात म्हणून आपलेपणाने सांगतो. आमचा पिकेट घेऊ नका, महाआळशी आहे, सकाळी उठत नाही. त्यापेक्षा आमचा डॅबनी घ्या, सोन्यासारखा माणूस." फोर्ट वेनच्याने एका खेळाडूच्या उजव्या हाताची स्तुती दहा मिनिटं केली आणि गुडघ्याबद्दल अवाक्षर काढलं नाही. ओव्हिद भाबडा. त्याने सोन्यासारख्या माणसांची नावं भिंतीवर लावली. मी ते बघत होते आणि मला एकदम आपली जेवणाची खोली आठवली, ओरोर. नवी मुलगी आली की आपण मोठ्या मुली काय सांगायचो? "आजचं सलगम फार सुंदर झालंय, माझंही घे." आणि मेपलच्या पाकाचा केक आला की, "शी, त्याला हात लावू नकोस, बिघडलेला आहे." मी ओव्हिदला म्हटलं, ही सगळी भिंत सलगमाची आहे. ज्यांची निंदा झाली ती माणसं घ्यायची. मिस्टर ब्लेलॉकनी विचारलं, "मॅडम, तुमच्या कॉन्व्हेंटात आणखी काय काय शिकवायचे?"

निवडीच्या दिवशी मिस्टर ब्लेलॉकचा घसा पूर्ण बसलेला होता (सुती कोट). ओव्हिदला फोनवर बोलायचं म्हटलं की घाम फुटतो, दुधाची तक्रार आली तरी तो मलाच पुढे करतो. म्हणून नावं मी उच्चारायची असं ठरलं. मिस्टर ब्लेलॉक माझ्या कानात कुजबुजणार आणि मी स्पष्ट शब्दांत सांगणार. पहिली तीन नावं झकास गेली. पिकेटचं नाव घेतलं तेव्हा डुलुथकडून एक शब्द ऐकू आला, तो मी इथे लिहीत नाही.

पण एक गोष्ट आमच्यापैकी कुणाच्या लक्षात आली नव्हती. ओव्हिदने संघ घेतला, पण फोनची स्वतंत्र लाइन त्याने आजवर घेतलेली नाही. डेअरीचा फोन समोरच्या मादाम प्रुदॉमबरोबर सामायिक आहे, आणि गेली तीस वर्षं मादाम प्रुदॉम डेअरीचे सगळे फोन ऐकतात. आम्हाला त्याची इतकी सवय आहे की त्यांनी मधूनच विणकाम खाली ठेवल्याचा आवाज आला तरी आम्ही थांबत नाही. उलट दुधाचा भाव विसरला तर आम्ही त्यांनाच विचारतो. चौथं नाव मिस्टर ब्लेलॉक माझ्या कानात कुजबुजले, आणि तीस वर्षं सरावलेल्या त्यांच्या कानांनी तेही टिपलं. मी ते घेणार, तेवढ्यात त्या म्हणाल्या:

"अगं फेर्नांद, तो नको. गेल्या मोसमात किती वेळा चेंडू सांडला त्याने हातातून. त्यापेक्षा सॅगिनॉचा वोइचेक घे. राष्ट्रगीत लागलं की रडतो तो, रेडिओवाले सांगत होते. आईने वळण लावलेलं दिसतंय."

"सडबरीने वोइचेक घेतला," मिस्टर पेन्रिथ म्हणाले. "सॅगिनॉने आपला एक माणूस कुलपात टाकावा."

मिस्टर ब्लेलॉक माझ्या कानाशी म्हणाले, "कोण बोललं ते?"

"शेजारच्या बाई."

"त्यांना सांगा, बोलत राहा. तो मोकळा आहे हे मला माहीतच नव्हतं."

ओव्हिदला मात्र हे सहन झालं नाही. संघ आपला, पैसा आपला, आणि माणसं प्रुदॉमबाई निवडतात म्हणजे काय. आणखी दोन नावं बाईंनी परस्पर घेतल्यावर तो उठला आणि त्यांच्या हातातला रिसीव्हर खाली ठेवायला लावायला निघाला. आता मादाम प्रुदॉमची फोनची खुर्ची खिडकीशी आहे. त्यांनी त्याला रस्ता ओलांडताना पाहिलं.

"हा बघ निघाला, ओव्हिद रांकूर," त्या म्हणाल्या. "टोपीसुद्धा घातली नाही. पायात डेअरीतले रबरी बूट."

"ओव्हिद रांकूर," मिस्टर पेन्रिथ म्हणाले. "हे नाव माझ्याकडे नाही. पूर्ण नाव, वय, वजन?"

ओरोर, तू तरी मला समजून घेशील. त्या सुरात कुणी काही विचारलं की माझे पाय आपोआप सरळ होतात. मी खुर्चीतून उठून उभी राहिले, हात मागे घेतले (फोन खांद्यात धरून), आणि म्हणाले, "ओव्हिद झेफिरँ रांकूर, सर. अठ्ठावन्न. वजन भरपूर."

"भरपूर चालणार नाही."

मी अंदाजाने आकडा सांगितला. मिस्टर पेन्रिथ यांनी सातही संघांना रीतसर विचारलं की या माणसाला कुणी कुलपात टाकलेलं आहे का. कुणीच टाकलेलं नव्हतं. "मग मोकळा आहे," ते म्हणाले, "सडबरीने घेतला." मी म्हटलं, सर, ते संघाचे मालक आहेत. ते म्हणाले, मालकाने खेळू नये असा लीगचा नियम नाही, मात्र सांगितलेलं नाव मागे घेऊ नये असा आहे.

ओव्हिद धापा टाकत परत आला (मादाम प्रुदॉमनी दार उघडलंच नव्हतं). मी त्याला बसायला सांगितलं आणि काय झालं ते सांगितलं. त्याने पेंढा भरलेल्या पेलिकनकडे बघितलं. मग म्हणाला, "कुठल्या जागेवर?"

"मधल्या फळीत," मिस्टर ब्लेलॉक कुजबुजले. "फक्त पळू नका."

त्या संध्याकाळी तो शिरस्त्राण घालून घरी गेला आणि ते कानात अडकलं. ब्लांदिनने तेच लोणी लावून ते काढलं, जे तुमच्याकडे येतं. मला म्हणाली, "पस्तीस वर्षांत याला पहिल्यांदा कुणीतरी नाव घेऊन मागितलं, फेर्नांद. आता आठवडाभर माझ्याशी नीट बोलायचा नाही." पण बोलत होता. मी खिडकीतून पाहिलं, अंगणात वाकून तो तिला कसं उभं राहायचं ते दाखवत होता, आणि ती कमरेवर हात ठेवून बघत होती आणि हसत होती.

अशी पस्तीस आणि ओव्हिद मिळून छत्तीस माणसं झाली. या सोमवारी सगळी आली. माझा सलगमाचा सिद्धान्त किती खरा ठरला म्हणून विचारशील, तर पिकेट पहाटे सगळ्यांच्या आधी डेअरीच्या पायरीवर येऊन बसतो आणि गवळ्यांना कॅन उचलू लागतो. सॅगिनॉची, डुलुथची, फोर्ट वेनची निंदा शंभर टक्के खोटी निघाली. एकच हिशेब चुकला. किंग्स्टनचे मॅनेजर मिस्टर अब्नर लाइस हे मेनोनाइट, म्हणजे खोटं बोलणं पाप मानणाऱ्या पंथाचे आहेत. त्यांनीही फोनवर पाच जणांबद्दल वाईट सांगितलं होतं, आणि मी ते पाचही जण घेतले. आता कळतं की त्या सद्गृहस्थाने शब्द न शब्द खरा सांगितला होता. त्यांच्यातला टकर झोपेत चालतो. मंगळवारी सकाळी तो डेअरीच्या थंड खोलीत लोण्याच्या खोक्यांवर सापडला, आणि लोणी मऊ झालं होतं. दुसरा एक, ऑलिफंट नावाचा, मेघगर्जनेला घाबरतो. तिसऱ्याला डावं-उजवं कळत नाही. त्याच्या डाव्या मनगटाला मी लाल लोकर बांधली आहे आणि आता मिस्टर ब्लेलॉक "लोकरीकडे" असं ओरडतात. उरलेल्या दोघांचं लिहीत नाही, तू मठात राहतेस. मी मिस्टर लाइसना माफीचं पत्र पाठवलं. जगात एखादा माणूस सलगमाला सलगमच म्हणतो हे माझ्या डोक्यात आलं नाही, आणि हा दोष मी आपल्या जेवणाच्या खोलीला देते.

सध्या सगळे पॅरिशच्या सभागृहात जमिनीवर झोपतात. काल बुधवार, म्हणजे बिंगोचा दिवस. संध्याकाळी अंथरुणं गुंडाळून त्यांना बाहेर उभं राहावं लागलं. मादाम प्रुदॉमना ते बघवेना. त्यांनी सगळ्यांना आत बोलावून एकेका म्हातारीशेजारी बसवलं. वोइचेकने एक अख्खं हॅम जिंकलं आणि बक्षीस घेताना रडला. तेव्हापासून सभागृहातल्या अर्ध्या बायका त्याला आपल्या भाच्या दाखवायच्या म्हणताहेत.

पण ज्यासाठी मी हे इतकं लांबण लावलं ते वेगळंच आहे. सोमवारी बस आली तेव्हा मी डेअरीच्या अंगणात होते. एकेक जण उतरला, हातात सुटकेस, बूट पॉलिश केलेले, आणि उतरून भिंतीशी जाऊन उभा राहिला. दारातून आत यायला यांच्यातल्या काहींना तिरकं व्हावं लागतं, एवढी माणसं, पण उभी अशी की भिंतीत शिरून जातील. कुणी कुणाशी बोलत नव्हतं. मिस्टर ब्लेलॉक माझ्या शेजारी होते. ते म्हणाले, "मॅडम, यांच्यातल्या प्रत्येकाकडे बघून कुणीतरी म्हटलेलं आहे की हा गेला तरी चालेल. आणि ते यांना माहीत आहे."

ते भिंतीशी उभं राहणं मी ओळखते, ओरोर. आई गेली तेव्हा मी नऊ वर्षांची होते आणि बाबा लाकडाच्या छावणीत कामाला जाणार होते. आत्याकडे जागा नव्हती, काकांकडे होती पण काकूला मी नको होते. म्हणून मला तुमच्या फाटकाशी आणून सोडलं. मी माझी पेटी धरून कपडे धुण्याच्या खोलीच्या भिंतीला टेकून उभी होते, आणि एकेक मुलगी माझ्याकडे बघून पुढे जात होती. तू आलीस. नाव विचारलं नाहीस, आई कुठे आहे विचारलं नाहीस. "तुला शिट्टी वाजवता येते का?" असं विचारलंस. मला येत नव्हती. "मग चल, शिकवते," म्हणालीस, आणि मागच्या कुरणात नेऊन काळोख पडेपर्यंत शिकवलीस, आणि त्याबद्दल दोघींना रात्रीचं जेवण मिळालं नाही. मला त्या रात्री भूक लागल्याचं आठवत नाही. शिट्टी अजून येते. सोमवारी मी अंगणात मधोमध जाऊन ती वाजवली. छत्तीस माणसांनी (ओव्हिदने सुद्धा) माझ्याकडे पाहिलं, आणि मग कुणीतरी हसलं, आणि मग मी सगळ्यांना आत नेऊन वाटाण्याचं सूप दिलं.

तेव्हापासून बरं चाललं आहे. मी मोजे रफू करते, घरी पाठवायच्या पत्रांवर तिकिटं लावते, आणि ऑलिफंटला आभाळाकडे बघून सांगते की आज काही नाही. ते मला 'मादाम एल' म्हणतात, कारण लाव्हिओलेट हे आडनाव त्यांच्या जिभेवर चढत नाही. रोझेर असता तर त्याने प्रत्येकाला स्वयंपाकघरात बसवून घेतलं असतं. संध्याकाळी घरी गेल्यावर माझे पाय इतके दुखतात की रेडिओ लावायचा राहून जातो, आणि दुसऱ्या दिवशी सकाळी लक्षात येतं की लावला नव्हता.

बाकी काही विशेष नाही. सिस्टर युडोक्सीला माझा नमस्कार सांग, आणि सिस्टर बेर्थिल्डला सांग की तिच्या जायफळाचीही मला आठवण येते, हे मी कधी लिहीन असं वाटलं नव्हतं.

तुझी,
फेर्नांद

ता. क. खाटांचं ओव्हिद बघतो आहे असं वर लिहिलं आहे. ज्या वसतिगृहाशी त्याचं बोलणं झालं होतं तिथे ऐनवेळी ब्रासबँडवाल्यांचं संमेलन भरलं. काल तो मला म्हणाला, "फेर्नांदबाई, आता काय?" म्हणजे त्याने माझ्याकडे बघितलं, आणि त्याचं बघणं संपलं. तेव्हा तुझं वरचं शयनगृह आणि मागचं कुरण तीन आठवड्यांसाठी मिळेल का? दूध, लोणी, मटण, बटाटे सगळं डेअरीच्या गाडीने येईल. माणसं सभ्य आहेत. मिस्टर ब्लेलॉक आपल्या पंथाचे नाहीत, बॅप्टिस्ट आहेत, पण जेवणाआधी प्रार्थना इतकी लांब करतात की सूप गार होतं, तेव्हा सिस्टरांना परकं वाटणार नाही. बिशपांच्या सेक्रेटरींना मी फोन केला होता. ते म्हणाले, मदर सुपीरियरांची हरकत नसेल तर आमची नाही. मी म्हटलं, त्यांची नाही.

पुन्हा ता. क. टकरची खाट जिन्यापासून लांब ठेव. ओव्हिदच्या गादीखाली फळी हवी, त्याची पाठ धरते. आणि त्याला पळू द्यायचं नाही, कुणी कितीही टाळ्या वाजवल्या तरी.

शेवटचं ता. क. आज, म्हणजे तू हे वाचशील त्या शुक्रवारी, दुपारी बाराला मिस्टर पेन्रिथ तुझ्या फोनवर विचारतील की छत्तीस खेळाडू तुमच्याकडे पोचले आहेत का. तू आयुष्यात कधी खोटं बोलली नाहीस, बेडकाच्या वेळीसुद्धा नाही, आणि माझ्यासाठी तू बोलावंस अशी माझी इच्छाही नाही. म्हणून हे पत्र टपालाने पाठवलेलं नाही. ते तुझ्या हातात देणारा गृहस्थ आर्चिबाल्ड न्यूसम. त्याच्याबद्दल वर काही लिहिलं नाही, कारण त्याची ना कुणी निंदा केली होती ना स्तुती. त्याला बस म्हटल्याशिवाय तो बसत नाही, तेव्हा म्हण. बाकीचे तुझ्या फाटकात बसमध्ये आहेत. तू वाचून संपवेपर्यंत कुणी उतरायचं नाही आणि हॉर्न वाजवायचा नाही असं मी बजावलं आहे. हो म्हणायचं असेल तर खिडकीतून हात हलव. नाही म्हणायचं असेल तर सावकाश विचार कर, घाई नाही. बाराला फोन वाजेपर्यंत ते तिथेच असतील, आणि मिस्टर पेन्रिथ यांना तुला खरं तेच सांगावं लागेल.

फे.